नकाराचा निरोप

हरभरा घाट्यावर आला होता आणि खुशालरावचा टिप्पर त्यातून जात होता. नदीतली चोरीची रेती डांबरी रस्त्यानं नेली तर चार डोळ्यांना दिसते, म्हणून दुसऱ्याच्या वावरातून न्यायची, इतकं साधं गणित होतं त्या माणसाचं. त्या दिवशी पुंजाराम आपल्या वावराच्या धुऱ्यावर, बांधावर, आडवा उभा राहिला. म्हणाला, "अंगावरून ने, पण हरभऱ्यातून नेऊ नको." खुशालराव केबिनमधून खालीसुद्धा उतरला नाही. आपल्या माणसांना नुसतं म्हणाला, "गुडघ्यावर."

पुंजारामचा पोरगा नितेश संक्रांतीच्या सुट्टीवर घरी आला होता. पाण्याची कॅन घेऊन वावरात येत होता, बापाला पाहून पळत सुटला. एकानं त्याला छातीवर गज लावून बाभळीला दाबून धरलं आणि दुसऱ्यानं त्याच्या डोळ्यांदेखत बापाचे दोन्ही गुडघे फोडले. पहिला घाव बसला तेव्हा पुंजाराम ओरडला. दुसऱ्याला त्याचा आवाजच निघाला नाही, नुसतं तोंड उघडं राहिलं. बाभळीचे काटे नितेशच्या पाठीत शिरले होते, ते त्याला घरी गेल्यावर समजलं.

ठाण्यात 'मोटरसायकलवरून पडून दुखापत' असं लिहिलं गेलं. पुंजारामकडे जन्मात कधी मोटरसायकल नव्हती, पण लिहिणाऱ्याचा हात कोण धरणार! पुंजाराम तेव्हापासून खाटेवर. खाटेवरून वावर दिसत नाही म्हणून तो चिडचिड करायचा, आणि चिडचिड करून थकला की भिंतीकडे तोंड करून पडायचा. त्या फिरवलेल्या पाठीचा नितेशला जास्त राग यायचा. बापाचा नव्हे हो, खुशालरावचा.

नितेश अमरावतीला एमसीए करत होता. कठोरा नाक्याजवळ खोली, दोन बाया करतात त्या मेसचा डबा, आणि उशाला डेटाबेसचं एक जाडजूड इंग्रजी पुस्तक. बाकीची पोरं गाईड वाचून पास व्हायची. हा मात्र मूळ पुस्तक घेऊन बसायचा, पेन्सिलीनं एकेक ओळ फोडायचा, जसा काही दगड फोडतो आहे. इंग्रजी कच्चं, पण डोकं पक्कं. एकदा एखादी गोष्ट समजली की दुसऱ्याला समजावल्याशिवाय त्याला अन्न गोड लागायचं नाही. हीच खोड पुढे नडली.

बैलपोळ्याला थोडे दिवस उरले असताना पुंजारामला मोठेबाबा म्हणणारा त्याचा चुलतभाऊ श्रावण खोलीवर आला. श्रावण त्याच्यापेक्षा मोठा, अंगानं आडवा, डोक्यानं सरळ आणि रागानं पेटलेला. त्याच्यासोबत अकोल्याचा पियुष होता. पियुष पूर्वी नितेशचा खोलीतला जोडीदार होता. पुंजारामच्या घरी त्यानं हुरड्यापासून सांडग्यांपर्यंत सगळं खाल्लेलं, म्हणून तो स्वतःला त्या घरातलाच समजायचा. आता अकोल्यात मोबाईलच्या दुकानात होता.

श्रावण बसलाही नाही. "मी त्याचा टिप्पर जाळून राहिलो," म्हणाला. "आपल्या गावच्या आवारात उभा हाये तो. पावसात रेती बंद, कुत्रं बी राखणीले नाही."

"एक जाळून काय होते, दादा?" नितेश म्हणाला. "दुसरा अकोल्याच्या गॅरेजात हाये. एक जळला तर तो दुसऱ्यात वीस माणसं भरून आणीन अन् बाबाची खाटबी ठेवणार नाही. अर्धा मेलेला साप लय वाईट."

"मंग दोन जाळू."

"दोन्ही एकाच टायमाले. नाहीतर एकबी नाही."

आणि इथं नितेशला पुस्तक आठवलं. आठवलं म्हणजे काय, ते उशाशीच उघडं पडलं होतं. त्याचे डोळे चमकले, आणि भाऊ डोळ्यांत रक्त उतरून समोर उभा असताना हा गडी त्याला ट्रान्झॅक्शन शिकवायला बसला! लग्नाचं उदाहरण दिलं. कार्यालयही पाहिजे आणि आचारीही पाहिजे. कार्यालय मिळालं न् आचारी नाही तर वऱ्हाड उपाशी, आचारी मिळाला न् कार्यालय नाही तर वऱ्हाड उन्हात. म्हणून मधला माणूस आधी दोघांना फक्त विचारतो, तयार आहात का? दोघांचाही होकार आला तरच तो सांगतो, चला, पक्कं. एकानं जरी नकार दिला तरी दोघांनाही सांगतो, सोडा. काम एकतर पुरं होतं, नाहीतर झालंच नव्हतं. मोठमोठ्या बँका, रेल्वेची तिकिटं, सगळं याच्यावर चालतं.

"मधला माणूस मी," नितेश म्हणाला. "तुमी दोघं जागेवर जा, पाहा, मले फोन करा. दोघाचा 'हो' आला तर मी सांगीन, लावा. एकाचा जरी 'नाही' आला तर दोघंबी गुपचूप घरी."

पियुषनं मान हलवली. श्रावणला एक शंका होती. "अन् मी हो म्हटलं, अन् तुया फोनच नाही आला तं?"

पुस्तकात याचं उत्तर होतं. नितेशनं ते वाचलं होतं, खाली पेन्सिलीची रेघही मारली होती. एकदा होकार दिला की आपल्या मनानं पुढेही जायचं नाही आणि मागेही फिरायचं नाही. मधल्याचा निरोप येईपर्यंत तिथंच थांबायचं. कितीही वेळ लागो. त्यानं तसं सांगितलंही.

श्रावण हसला. "दिवसभर डिझेलचा डबा घेऊन थांबू? लोकं आरती ओवाळतीन मले. अबे, आपल्यात कसं असते? पिकात डवरा हाकणारा डवरणीवाला येतो म्हणला की येते. यायचं नसलं तरच निरोप धाडते. निरोप नाही म्हणजे येणारच. पोळा फुटेपर्यंत, तोरणाखालचे बैल सुटेपर्यंत, तुया 'नाही' आला नाही, तं मी लावतो. त्या वक्ताले सारं गाव तोरणाखाली राह्यते."

आता इथं नितेशनं पाय रोवायला हवा होता. नियम पुस्तकाचा, डोकं त्याचं, तर शब्दही त्याचाच राहायला हवा होता. पण समोर मोठा भाऊ, बापासाठी जीव द्यायला निघालेला. त्याला काय सांगायचं, इंग्रजी पुस्तकात असं लिहिलंय? आणि डवरणीवाल्याचं उदाहरण इतकं बरोबर होतं की नितेशला स्वतःलाच ते पटून गेलं. "बरं," तो म्हणाला. पुस्तकातला एक नियम काढून त्याजागी गावचा एक नियम बसवला, आणि तिघंही चहा प्यायला खाली उतरले.

पोळ्याच्या दिवशी नितेश खोलीतच थांबला. खाटेवर फोन ठेवून त्याच्याकडे बघत बसला. बापाचे गुडघे डोळ्यांसमोरून हलत नव्हते, आणि तरी त्याला मनातून एकच वाटत होतं: दोघंही धडधाकट घरी यावेत. टिप्पर जळो, मसणात जावो, पण श्रावणला आणि पियुषला खरचटूही नये. त्या दोघांच्या जिवाची जबाबदारी त्यानं स्वतःहून डोक्यावर घेतली होती, आणि ती आता मानगुटीवर बसली होती.

दुपार उतरता उतरता श्रावणचा फोन आला. "मायं हो. आवारात कोनी नाही. बैल तोरणाकडे निंगाले." मागे हलगी वाजत होती.

"थांब. मी सांगल्याशिवाय हात लावू नको, दादा."

"पोळा फुटेपर्यंत," श्रावण म्हणाला आणि फोन ठेवला.

पियुषचा फोन बराच वेळ आला नाही. आला तेव्हा तो कुजबुजत होता. "नितेश, मायं नाही बे. मायं नाही."

"काहून? काय झालं?"

"गॅरेजामागं ड्रायव्हर राह्यते, बायको घेऊन. मी काम पाह्यजे म्हणून गेलो पाहाले. त्या बाईनं बसवूनच घेतलं. म्हणे पोळ्याच्या दिवशी दारातून कोनी उपाशी जात नाही. पुरणपोळी वाढून राहिली मले, तूप टाकून. टिप्परच्या सावलीत चूल हाये तिची, केबिनमध्ये अंथरूण हाये. कसा लावू मी? तूच सांग."

"नको लावू," नितेश म्हणाला. त्याला एकदम हलकं वाटलं, इतकं हलकं की त्याची त्यालाच लाज वाटली. "नाही म्हणजे नाही. जेव अन् निघ तिथून. मी दादाले थांबवतो."

त्यानं श्रावणला फोन लावला. दोनदा वाजला आणि कट झाला. पुन्हा लावला, पुन्हा कट. तिसऱ्यांदा तर वाजायच्या आतच कट. नितेशला वाटलं, श्रावणच रागानं फोन तोडतोय, त्याला नकार ऐकायचाच नाहीये. मेसेज टाकला: थांब. घरी जा. पियुषचं नाही. तो वाचलाच गेला नाही.

खरी गोष्ट फार साधी होती. श्रावणची बायको रश्मी तोरणाखाली उभी होती. घरच्या बैलांना यंदा नव्या झुली घातल्या होत्या, शिंगांना बेगड लावला होता, आणि तिला त्यांचा व्हिडिओ काढायचा होता. तिच्या फोनची बॅटरी उतरली होती म्हणून तिनं, आवार पाहून तोरणाकडे आलेल्या नवऱ्याचा ओढून घेतला होता. पियुष नकार देईल हे श्रावणच्या मनातही नव्हतं; निरोप नाही आला तर लावायचंच ठरलेलं, मग फोन हवा कशाला, म्हणून त्यानंही दिला. व्हिडिओ ऐन रंगात आला की नितेशचा फोन यायचा. ती "अरे बापा, आत्ताच मेला का हा" म्हणायची आणि कट करायची.

नितेशनं शेजाऱ्याची मोटरसायकल मागितली आणि भातकुलीच्या रस्त्याला लागला. रस्ता कसला, खड्ड्यांची रांगोळी! जागोजागी बैलांच्या मिरवणुका आडव्या, गुलाल उधळतोय, डीजे वाजतोय, आणि हा हॉर्न दाबत, गाडी अडली की फोन लावत पळतोय. एका म्हाताऱ्यानं शिवी हासडली, "कोणाच्या मयतीले चालला बे?" नितेशनं मागे वळून पाहिलं नाही. आभाळ भरून आलं होतं. बैल भिजायच्या आत सोडावेत म्हणून गावचे लोक पोळा लवकर फोडतील, हे त्याच्या ध्यानात आलं आणि त्यानं गाडीचा होता नव्हता तेवढा कान पिळला.

गावाच्या अलीकडेच धूर दिसला. काळा, जाड, रबराचा.

पोळा फुटला होता. बैल घराघरांत ओवाळून घेत होते, आणि गावाबाहेर खुशालरावच्या आवारात टिप्पर धडधडून पेटला होता. एकेक टायर फुटत होता. श्रावणनं काम चोख केलं होतं. फक्त एक त्याला माहीत नव्हतं: खुशालराव यंदा पोळ्याला तोरणाखाली थांबलाच नव्हता. मानाच्या बैलाच्या भांडणात रुसून, माणसं घेऊन तो पोळा अर्ध्यावर सोडून परत आला होता.

नितेश पोचला तेव्हा ते श्रावणला मारत होते. मारत होते म्हणजे पकडून चार थोबाडीत देत होते, असं नाही. श्रावण पालथा पडला होता आणि ते त्याला कुटत होते, ज्वारीची कणसं बडवतात तसं. एकाच्या हातात टायर खोलायची टॉमी होती. श्रावणचा एक हात कोपरापासून भलतीकडे वळला होता. तो उठायचा प्रयत्न करत होता, एका हातावर जोर देऊन अर्धा उठला, आणि टॉमी त्याच्या मानेखाली बसली. तो पुन्हा खाली गेला. तोंडात रक्त आणि माती एकच झाली होती. खुशालराव फेटा बांधून, कपाळावर गुलाल घेऊन बाजूला उभा होता.

नितेशला परत फिरता आलं असतं. त्याला कोणी पाहिलं नव्हतं. पुस्तकाच्या हिशोबानं तर हे काम रद्द झालेलं होतं. नकार आला होता, त्यानं तो मान्य केला होता, त्याचा याच्याशी संबंध उरला नव्हता. पण टिप्पर समोर जळत होता आणि भाऊ समोर फुटत होता. कशाला रद्द म्हणता? पुस्तकात अर्धवट झालेलं सारं पुसून पाटी कोरी करता येते. इथं रक्त मातीत मुरत होतं, ते कोण वेचणार? नितेश गाडी फेकून धावला. "सोडा! सोडा त्याले! मरीन तो!"

कानशिलावर काहीतरी बसलं आणि त्याच्या एका कानात शिट्टी वाजू लागली. पोटात लाथ बसली. तो श्रावणच्या शेजारी कोसळला, आणि पडल्या पडल्या त्यानं आपलं अंग भावावर घातलं. पाठीवर तीन-चार घाव पडले, ते त्यानं घेतले. मग खुशालराव म्हणाला, "थांबा. हा पुंज्याचा हुशार पोट्टा हाये. यालेच इचारू." घाव थांबले.

श्रावणनं डोळा उघडला. एकच उघडत होता. त्यानं नितेशला ओळखलं आणि रक्तानं भरलेलं तोंड हलवलं. "अकोल्याचा..." तो म्हणाला. "अकोल्याचा जळला नं?"

काय सांगायचं होतं नितेशनं? की दादा, तू एकटाच होतास? की पियुषचा 'नाही' मघाशीच आला होता, तुझ्यापर्यंत पोचलाच नाही? की तुझी हाडं मोडली ती फुकट, काम रद्द झालं होतं? श्वास घेताना श्रावणच्या छातीतून घरघर येत होती, आणि नितेशला समजत होतं की हा माणूस आता फार वेळ विचारणार नाही.

"जळला, दादा," तो म्हणाला. "पूरा जळला. पियुषनं कोळसा केला त्याचा."

श्रावणचं तोंड हसल्यासारखं झालं. "मोठेबाबाले सांग," म्हणाला, आणि मग काही म्हणाला नाही. नितेशनं त्याला हलवलं. छातीवर कान ठेवला, शिट्टी वाजणारा ठेवला, मग दुसरा ठेवला. घरघर थांबली होती. "दादा," नितेश म्हणाला, "ए दादा. दादा, उठ नं." टिप्परचा शेवटचा टायर फुटला आणि आवारातली माणसं दचकली. श्रावण दचकला नाही.

"कोन पियुष?" खुशालरावचा आवाज वरून आला.

नितेशनं मान वर केली. खुशालरावचा चेहरा पांढराफटक पडला होता. आतापर्यंत त्याचा एकच टिप्पर गेला होता. आता त्याला वाटत होतं दोन्ही गेले. मरणाऱ्या भावासाठी बोललेलं वाक्य त्याच्यासोबत गेलं नव्हतं. ते इथंच राहिलं होतं, आणि भलत्याच माणसानं उचललं होतं.

"खोटं हाये ते," तो ओरडला. "खोटं बोललो मी! दादाच्या समाधानासाठी बोललो! अकोल्यात कोनी काही केलं नाही. तुमचा टिप्पर जसाच्या तसा हाये, आईची आन! त्या पोट्ट्यानं हातबी नाही लावला!"

"आता बरं खोटं झालं," खुशालराव म्हणाला. "मरता माणूस खरं इचारते अन् त्याले खरंच सांगतात, समजते मले. मंग पियुष हाये त्यात. अन् तिथंच हाये." त्यानं खिशातून फोन काढला. पहिल्यांदा लागला नाही. तो दोन पावलं बाजूला सरकला, फोन वर धरून रेंज शोधू लागला, आणि त्याची माणसंही त्याच्याकडेच पाहू लागली.

नितेशचा फोन त्याच्या पोटाखाली दबला होता. काच तडकली होती, पण उजेड होता. रक्तानं बोट घसरत होतं. त्यानं ते श्रावणच्या सदऱ्याला पुसलं आणि पियुषचं नाव दाबलं. उचल, तो मनात म्हणाला. आतापर्यंत निघाला असशील तर बरंच, पण उचल. देवा, याला निघालेला असू दे.

फोन उचलला गेला. बाईचा आवाज होता, मोकळा, घरगुती. "हॅलो? कोन बोलते? पियुषभाऊ हात धुवून राहिले मागं. लय लाजतात बाई, आत्ता कुठं पोटभर जेवले. देऊ काय त्याइले?"

"त्याले पळा म्हणा," नितेश म्हणाला. खुशालरावच्या माणसांना ऐकू जाऊ नये म्हणून तो कुजबुजत होता. "ताई, आत्ताच्या आत्ता पळा म्हणा. काही इचारू नका."

"काय म्हणता? जोरानं बोला जरा, ऐकू नाही येऊन राहिलं."

तेवढ्यात तिकडे दुसरा फोन वाजला. इकडे आवाराच्या कोपऱ्यातून खुशालराव बोलत होता आणि तिकडे ड्रायव्हर त्याला उत्तर देत होता. नितेशला एका कानानं हा ऐकू येत होता आणि दुसऱ्या कानानं तो. "हां, भाऊ... नाही भाऊ, उभा हाये टिप्पर... कोन? पियुष? हा इथंच तं हाये..." इकडून खुशालराव म्हणाला, "तो टिप्पर जाळाले आला हाये," आणि ड्रायव्हर नुसता "हां, हां" करत राहिला. मग काही लोखंडी उचलल्याचा आवाज आला.

"अवो," बाई ओरडली. "अवो, काय करता? पाहुना हाये तो! आपल्या घरचं जेवला हाये! अवो, सोडा!"

पहिल्या घावाला पियुष ओरडला. नितेशनं डोळे मिटून घेतले, पण फोन कानापासून काढला नाही.